म्होरक्याचं लोखंड

माझा भाऊ कालिगुल यानं माझ्या लेकीच्या घरी कुरुताचा खडा उचलला, तोंडापर्यंत नेला आणि हळूच बाहीत सरकवला. बाकी सगळे जावयाच्या नव्या घोड्याबद्दल बोलत होते, म्हणून कोणाच्या लक्षात आलं नाही. माझ्या आलं. माझ्या सगळंच लक्षात येतं आणि त्यासाठी गावात मला कोणी फारसं चांगलं म्हणत नाही. नवरा होता तेव्हा म्हणायचा, "बुरुलकान स्वतःच्या सावलीलाही विचारते, कुठून आलीस म्हणून." विचारते. विचारलेलं बरं असतं.

आता एका म्हाताऱ्यानं वाळवलेल्या चक्क्याचा एक खडा खाल्ला नाही, यात एवढं काय? पण कालिगुल नुसता म्हातारा नाही, तो नादकऱ्यांचा म्होरक्या आहे. आणि त्या हिवाळ्यात अक-जोनच्या उतारावरचं बर्फ दोनदा चुकीच्या घळीतून उतरलं होतं.

आम्ही नादकरी चौघं. लोखंडी मोरचंग दाताला लावतो, त्याची जीभ बोटानं छेडतो आणि समोर खडक, पाणी, धुकं, जनावर जे असेल त्याला हलवतो. अडलेली मेंढी आमच्या सुरावर मोकळी होते. दूध चोरणारी गाय पान्हा सोडते. खोऱ्यात ठाण मांडून बसलेलं धुकं उठून पलीकडं जातं. सुतार लाकूड वाकवतो, आम्ही हे वाकवतो, एवढाच फरक. पण आमचं खरं काम बर्फाचं. हिवाळाभर थोडं थोडं, आणि वसंताच्या तोंडाशी एकदाच मोठं, असं ते आम्ही खाली सोडतो. आम्ही वाजवायचं, आणि खडकाचं उत्तर म्होरक्यानं ऐकायचं. ते उत्तर कानात येत नाही, वरच्या पुढच्या दातांत येतं. ते आलं की तो हात वर करतो, आम्ही सूर फिरवतो आणि बर्फ त्या बाजूला वळतं. हात क्षणभर लवकर वर गेला किंवा उशिरा गेला, की बर्फ आपल्या मनाची वाट धरतं.

वाटा दोन. कोरडी घळ खाली दगडांत उतरते, तिथं कोणी राहत नाही. लांब घळ आमच्या खालच्या आळीला खेटून जाते आणि पुढं उझुन-जार गावाच्या कुरणात उघडते. तिथं बर्फ पडलं की त्यांच्या कुरणाला अर्ध्या उन्हाळ्यापर्यंत पाणी पुरतं. पहिल्या वेळी ते लांब घळीनं उतरलं आणि आमच्या चौघांतल्या ओरोझबेकच्या गाभण घोड्या घेऊन गेलं. दुसऱ्या वेळी माझ्या लेकीचा, तुर्सुनायचा गोठा गेला. घर तेवढं वाचलं.

माझ्या मनात पाल चुकचुकली ती तेव्हापासून. नुकसान आमचं आणि पाणी उझुन-जारचं, हे दोनदा कसं होतं?

मग मी भावावर नजर ठेवली. शरद ऋतूत तो दोनदा नारिन शहराला जाऊन आला होता, एकटाच. खोगीर घ्यायला म्हणे. खोगीर काही आलं नाही. बोलताना तोंडावर हात धरायला लागला होता. पूर्वी आमच्याकडं लग्नात सगळ्यांत मोठ्यानं हसायचा तोच, आणि आता विनोद झाला की ओठ मिटून मान हलवायचा. आणि शेळीचं मटण पुढं आलं की म्हणायचा, पोट बरं नाही. त्याचं पोट आयुष्यात कधी बिघडलं नव्हतं.

त्यात एक दिवस त्याच्या दारासमोर जुनी मोटार उभी दिसली. टोपीवाला एक अनोळखी माणूस कातडी पिशवी घेऊन आत गेला आणि आतून दार लावलं. भर दुपारी, आमच्या गावात, दार लावून! मी समोर शेणी रचत बसले. शेणी केव्हाच रचून झाल्या होत्या, मी त्या मोडून पुन्हा रचल्या. माणूस बाहेर आला तेव्हा त्याच्या बाह्यांवर पांढरी भुकटी होती. पीठ. पिठाची गिरणी या भागात एकच आहे, ती उझुन-जारला.

मी तडक भावजयीकडं गेले. शारीपा लोणी काढत होती.

"पाहुणे आले होते का गं?" मी विचारलं.

"कोण पाहुणे?"

"टोपीवाले. पिशवीवाले."

तिचा हात थांबला. "तुझ्या भावाला विचार."

"तुला विचारतेय. घर तुझं आहे ना?"

"बुरुलकान, माझे आई, माझ्यामागं लागू नकोस. त्यांनी मला पोरांच्या शपथा घातल्यात."

शपथा! चांगल्या कामासाठी कोणी बायकोला पोरांच्या शपथा घालतं का? माझी खात्रीच झाली. उझुन-जारवाल्यांनी माझ्या भावाला फितवलं होतं.

तुम्ही म्हणाल, सख्खा भाऊ, जाऊन समोर विचारायचं. विचारलं ना. तो घोड्याच्या खुरातलं बर्फ काढत होता.

"बायके," मी म्हटलं, कारण मोठ्या भावाला आमच्याकडं असंच हाकारतात, "दुसऱ्या वेळी तुमचा हात उशिरा वर गेला. मी बघितलं. खडकाचं उत्तर आलं तेव्हा का नाही केलात?"

त्यानं मान वर केली नाही. "तू तुझं लोखंड सांभाळ."

"माझं लोखंड ठीक आहे. तुर्सुनायचा गोठा गेला. आता मोठं बर्फ सोडायचंय. तुर्सुनायला सातवा महिना आहे, माहीत आहे ना तुम्हाला?"

"माहीत आहे," तो तोंडावर हात धरून म्हणाला. डोळ्यांत असं काही होतं, की मला वाटलं हा आता सांगेल. पण तो घोड्याच्या पलीकडं जाऊन दुसरा खूर उचलायला लागला.

मग मी लेकीला म्हटलं, बर्फ सोडायच्या दिवशी माझ्याकडं येऊन राहा. ती हसायलाच लागली.

"आई, तू नादकरीण ना? मी घर सोडलं तर कांडणार कोण?"

ते तिचं खरंच होतं. बर्फ शांततेकडं धावतं. म्हणून त्या दिवशी खालच्या आळीतलं कोणी घर सोडत नाही. उखळात बाजरी कांडतात, लोकरीचे नमदे झोडपतात, पोरं डबे बडवतात, म्हणजे इथं माणसं नांदताहेत हे उताराला कळतं. जे घर गप्प बसलं, त्या घराकडं बर्फ वळलं. तुर्सुनायचं घर तर अगदी घळीच्या तोंडाशी. ती निघून गेली असती तर तिचं घरच नव्हे, मागची सगळी आळी गेली असती. म्हणजे माझी लेक पोट सांभाळत उखळाशी उभी राहणार, आणि तिचा जीव वर बसलेल्या माझ्या भावाच्या एका हातावर. अशा वेळी माणसानं संशय घ्यायचा नाही तर काय करायचं?

जुमाश-आके आमच्यातले सगळ्यांत वडील आणि सगळ्यांत थट्टेखोर. त्यांच्या कानावर मी सगळं घातलं. ते दाढी कुरवाळायला लागले.

"भावाला लोखंड चावायला लावणार तू?"

"सगळ्यांना. मीही चावेन. मग तर झालं?"

"आणि तुझ्या शंकेचा बार फुसका निघाला तर?"

"तर मी खुशाल खाली मान घालून परत येईन."

"तुझी मान खाली?" आके म्हणाले. "ते बघायला तरी मी येतो."

लोखंड चावणं म्हणजे आमची शपथ. आपलं मोरचंग हातात घेऊन बोलायचं, मग ते दाताला लावून एकदाच छेडायचं. खरं बोलला असाल तर सूर उघडा येतो. खोटं बोलला असाल तर लोखंड मरतं, तुटकं फळकूट वाजवावं तसं. खोऱ्यातले चोर कोर्टात बेधडक खोटं बोलतील, पण लोखंड चावायला घाबरतात.

मोठं बर्फ सोडायच्या दिवशी सकाळी आम्ही कड्यावरच्या बैठकीवर जमलो. खाली कांडण सुरू झालं होतं. तुर्सुनायच्या उखळाचा ठोका मला वेगळा ओळखू येत होता, जड आणि थोडा रेंगाळणारा. वरती उतार कण्हायला लागला होता. एकदा कांडण सुरू झालं आणि उतार जागा झाला की परत फिरता येत नाही, दुपारच्या आत बर्फ सोडावंच लागतं. मी मुद्दाम तीच वेळ धरली होती. भावाला टाळाटाळ करायला जागा ठेवायची नव्हती मला.

"वाजवायच्या आधी लोखंड चावायचं," मी म्हटलं. "सगळ्यांनी. या हिवाळ्यात आपण परक्याकडून काही घेतलं नाही आणि खोटा इशारा दिला नाही, एवढंच बोलायचं."

ओरोझबेक घोड्या गेल्यापासून दात-ओठ खातच होता. त्यानं लगेच बोलून मोरचंग छेडलं. सूर उघडा आला. जुमाश-आकेंनी छेडलं. उघडा. मी छेडलं. उघडा.

"बायके," मी म्हटलं.

कालिगुल माझ्याकडं बघत राहिला. मग त्यानं म्होरक्याचं लोखंड काढलं. आमच्या आईचंच ते, मूठ झिजून गुळगुळीत झालेली. "मी कोणाकडून काही घेतलं नाही," तो म्हणाला. एवढंच म्हणाला, इशाऱ्याचं बोलला नाही. लोखंड दाताला लावलं आणि छेडलं.

फळकूट वाजलं.

जुमाश-आकेंच्या हातातली चहाची वाटी खाली पडली. ओरोझबेक उठला आणि त्यानं म्होरक्याची गचांडी धरली. "काय दिलं तुला उझुन-जारवाल्यांनी? बोल! माझ्या घोड्या किती गवताच्या बदल्यात गेल्या, बोल ना!"

कालिगुल ओठ मिटून बसला.

आणि महिनाभर याच क्षणाची वाट बघणारी मी, मीच ओरोझबेकचा हात धरला. कारण तो सूर माझ्या ओळखीचा होता. तो खोट्याचा सूर नव्हता. खोट्यानं लोखंड मरतं ते एकदम मरतं. हे आधी थोडं गुणगुणलं होतं आणि मग मेलं होतं. आमची आई शेवटची काही वर्षं माझ्या तुर्सुनायला निजवायला मोरचंग वाजवायची तेव्हा असंच वाजायचं. तोंडात एक दात उरला नव्हता तिच्या, हिरड्यांवर धरून वाजवायची.

नारिन. तोंडावरचा हात. बाहीतला कुरुत. पांढरी भुकटी. अगं भवाने, ते पीठ कसलं, दात घडवायची माती होती ती!

म्हणजे हिवाळाभर खडकाचं उत्तर त्याला आलंच नव्हतं. तो नुसत्या डोळ्यांच्या अंदाजानं हात वर करत होता. माझी लेक खाली उभी असताना! मला इतका राग आला, की क्षणभर वाटलं, ओरोझबेकच्या हातात द्यावा याला. आणि त्याच वेळी रडूही आलं. दात गेलेल्या नादकऱ्यानं लोखंड पुढच्याला देऊन टाकायचं आणि पुढं जन्मभर कड्यावर यायचं नाही, असा नेम आहे. त्याला ते टाकवलं नाही. मला तरी टाकवलं असतं का?

पण रडत बसायला वेळ नव्हता. उतार पुन्हा कण्हला.

"मी बसतो म्होरक्याच्या जागी," ओरोझबेक म्हणाला.

"तुला उताराचं काय कळतं?" मी म्हटलं. "उत्तर दातात येईल तुझ्या. ते कोरड्या घळीचं की लांब घळीचं, हे कसं ओळखशील?"

"मग काय या चोराला बसवू?"

मला ते ओळखता येत नव्हतं, आकेंना येत नव्हतं. दात आमच्याकडं होते आणि ओळख त्याच्याकडं होती. मी पटकन बोलले, "यालाच बसवायचं. पण पहाऱ्यात. लोखंड काढून घ्या याचं. मी समोर बसून वाजवते, कपाळाला कपाळ लावून. उत्तर माझ्या दातात येईल. यानं खोटा इशारा दिला तर मला तिथल्या तिथं कळेल." हे शेवटचं मी नुसतं ठोकून दिलं.

"आणि दिलाच तर?"

"तर मीच याला कड्यावरून ढकलते. माझी लेक आहे खाली."

हे मात्र ओरोझबेकला पटलं. माझ्या संशयावर सगळ्यांचा पूर्ण विश्वास आहे.

मी भावासमोर गुडघे टेकून बसले, मोरचंग दातात धरलं आणि कपाळ त्याच्या कपाळावर घट्ट दाबलं. त्याची कातडी बर्फासारखी गार होती. आकेंनी आणि ओरोझबेकनं सूर धरला, मीही छेडलं. आधी काहीच आलं नाही. मग माझ्या दातांच्या मुळाशी मुंग्या आल्या, त्या टाळूत चढल्या, कपाळाच्या हाडात गेल्या आणि तिथून त्याच्या हाडात उतरल्या. ते पोचल्याचं मला कळलं, कारण तो शहारला. अख्खा हिवाळा बहिरा राहिलेला माणूस, त्याला त्याचा डोंगर ऐकू आला. त्याचे डोळे माझ्या डोळ्यांच्या इतके जवळ होते, की ते भरून आलेले मला दिसले नाहीत, गालाला ओलं लागलं तेव्हा समजलं.

उत्तर येत होतं, बदलत होतं. मला सगळं सारखंच वाटत होतं. मला वाटलं हे आलं, आता, आता कर वर हात. त्यानं केला नाही. खाली तुर्सुनायचा ठोका चुकला, मग पुन्हा सुरू झाला. आणि मग त्यानं हात वर केला.

आम्ही सूर फिरवला. अख्खा उतार एकदम सरकला, पांढरा धूर उठला, कड्याखालचा दगड थरथरला. धूर बसला तेव्हा कोरडी घळ काठोकाठ भरली होती आणि लांब घळीत ओंजळभरही बर्फ गेलं नव्हतं. खालच्या आळीतल्या सगळ्या धुराड्यांतून धूर निघत होता.

मी तिथंच बसून देवाचे आभार मानले. जुमाश-आकेंनी दाढीवरून हात फिरवला.

ओरोझबेक मात्र हसला. "बघितलंत? पहारा बसला तेव्हा बर्फ बरोबर उतरलं. म्हणजे पहारा नव्हता तेव्हा मुद्दाम केलं होतं! यापेक्षा आणखी काय पुरावा पाहिजे? एजे, तुमचा संशय खरा निघाला." थोरल्या बहिणीला म्हणतात तसं तो मला एजे म्हणतो.

हे माझ्या ध्यानातच आलं नव्हतं. त्याला वाचवायला जी युक्ती केली, तिनंच त्याच्या कपाळावर चोराचा शिक्का बसला होता.

"तो चोर नाही," मी म्हटलं. "त्याला पुढचे दात नाहीत. बसवलेले दात आहेत ते. म्हणून लोखंड मेलं, म्हणून त्याला ऐकू येत नव्हतं. माझ्या हाडातून ऐकलं त्यानं आत्ता."

"काय?"

"बायके, तोंड उघडा. काढून दाखवा यांना."

कालिगुल उठून उभा राहिला. कमरेचा पट्टा नीट केला. तोंडावर हात धरून म्हणाला, "दात बघायला मी काय बाजारातला घोडा आहे?"

"बायके, हे तुम्हाला चोर म्हणतायत! पोराबाळांना जन्मभर ऐकावं लागेल!"

त्यानं ओठ मिटले.

"उघड ना रे!" मी ओरडले. उभ्या जन्मात मी त्याला अरे-तुरे केलं नव्हतं. "एकदा उघड, माझ्यासाठी उघड!"

त्यानं उघडलं नाही. गावानं चोर म्हटलेलं त्याला चालणार होतं, बोळका म्हटलेलं नाही. असल्या माणसाला काय म्हणायचं? तो वळला आणि पायवाटेनं खाली उतरायला लागला, ताठ मानेनं, म्होरक्या उतरतो तसा. वडीलधाऱ्या माणसाच्या तोंडात हात घालायला ओरोझबेकही धजला नाही.

मी माझं मोरचंग काढलं. "हे बघा, मी शपथ घेते. माझ्या भावानं उझुन-जारवाल्यांकडून काही घेतलं नाही." दाताला लावलं, छेडलं. सूर असा उघडा आला, की समोरच्या कड्यावरून परत आला.

जुमाश-आकेंनी माझ्याकडं बघायचं टाळलं.

ओरोझबेक आपलं लोखंड कापडात गुंडाळत होता. "तुम्हीच म्हणालात ना एजे, दात नसले की लोखंड मरतं?" तो शांतपणे म्हणाला. "मग तुमचे दात चांगले आहेत, एवढंच कळलं." गाठ मारून झाल्यावर त्यानं मान वर केली आणि मला न्याहाळलं, अगदी मी लोकांना न्याहाळते तसं. "आणि हे दातांचं तुम्हाला कधीपासून माहीत होतं?"